मोजणीची पावती

खाबुरा, ओमान
शुक्रवार, १२ सप्टेंबर २०१४

प्रिय प्रणाली,

तुझा प्रबंध वाचून झाला. दोनशे चौऱ्याऐंशी पानं वाचायला मला पाच आठवडे लागले. तू मेलवर पाठवलास तेव्हा केयूरने तो साइट ऑफिसच्या प्रिंटरवर छापून दिला. केयूर म्हणजे आमचा नवा इंजिनियर, पुण्याचा, तुझ्याहून चार वर्षांनी लहान, आणि माझा साहेब. कागदांचा गठ्ठा हातात देताना म्हणाला, "काका, टोनर कुठे गेला असं कुणी विचारलं तर माझं नाव सांगू नका." ऑगस्टभर इथे दुपारी साडेबारा ते साडेतीन उन्हातलं काम बंद असतं. बाकीचे पोर्टाकॅबिनमध्ये आडवे व्हायचे आणि मी शब्दकोश घेऊन बसायचो. सुरुवातीला दिवसाला चार पानं व्हायची, नंतर दहा.

मराठीत लिहितोय. तुला वाचायला वेळ लागेल हे माहीत आहे, पण इंग्रजीत मला फक्त रिपोर्ट लिहिता येतो. फोनवर बोललो असतो, पण फोनवर तू मध्येच प्रश्न विचारतेस आणि मी विषय बदलतो. तू चौथीत असल्यापासून आपलं हे असंच चाललंय. म्हणून पत्र. सावकाश वाच. एखादा शब्द अडला तर आईला विचार, तिला यातलं सगळं ठाऊक आहे.

आई बरी आहे. गुडघा दुखतो म्हणून सीबच्या घराचे दोन जिने तिला जड जातात, तरी खालच्या सूकमध्ये मासळी घ्यायला स्वतःच जाते. मी आणलेली सुरमई तिला कधीच पटली नाही. मी आठवडाभर इथे खाबुऱ्याला कॅम्पवर असतो, गुरुवारी संध्याकाळी घरी जातो. या आठवड्यात गेलो नाही. हे पत्र तिच्यासमोर बसून लिहिणं मला जमलं नसतं.

प्रबंधाबद्दल मी काय बोलणार. दोनशे वर्षांपूर्वीची अमेरिका, त्यांच्या निवडणुका, पश्चिमेकडे सरकत जाणारी त्यांची हद्द, यातलं मला काहीच ठाऊक नव्हतं. शाळेत आम्हाला अमेरिका म्हणजे कोलंबस आणि लिंकन, मध्ये रिकामी जागा. त्या मधल्या जागेत एवढं घडलं होतं हे तुझ्यामुळे कळलं. जॉर्जिया राज्यातले ते चेरोकी लोक स्वतःची लिपी बनवतात, वर्तमानपत्र काढतात, घरं बांधतात, शेती करतात, कोर्टात जाऊन दावा जिंकतात, आणि तरी निकालाचा काही उपयोग होत नाही, कारण डोंगरात सोनं सापडलेलं असतं आणि मतदारांना जमीन हवी असते. त्यांना तिथून हलवण्याचा अठराशे तीसचा तो कायदा किती थोडक्या मतांनी पास झाला ते तू लिहिलंस, तेव्हा मी पान खाली ठेवलं आणि चहा करून आलो.

पण मला सगळ्यात जास्त गुंतवलं ते तुझ्या चौथ्या प्रकरणाने, मोजणीच्या. लोक अजून घरात राहताहेत, चूल पेटतेय, आणि सर्व्हेयर त्यांच्या परसातून साखळी ओढत जाताहेत. चाळीस-चाळीस एकरांचे तुकडे पाडताहेत, त्यांची सोडत निघणार म्हणून. तू साखळीचं माप फुटांत दिलंयस. मला ते वाचावं लागलं नाही. सहासष्ट फूट, शंभर कड्या. चौकोनात चार गुंठे. तुझ्या बाबांच्या हातात पहिल्यांदा आलेली साखळी तीच होती, पोरी. इंग्रजाने ती तिकडेही नेली आणि आपल्याकडेही आणली. आता आमच्याकडे सॅटेलाइटवर चालणारं यंत्र आहे, बोटभराचाही फरक पडत नाही, पण काम तेच. आधी आम्ही जातो. रस्ता, धरण, जे काय असेल ते मागून येतं.

आणि मग तुझं सहावं प्रकरण. डिसेंबर अठराशे पस्तीस. सरकारला जमीन सोडण्याचा करार हवाय आणि चेरोकींचा मुखिया सही करत नाही. तेव्हा थोडीशी माणसं गोळा होतात, शिकलेली, जाणती, आणि सगळ्यांच्या वतीने सही करून टाकतात. बाकीच्यांना कुणी विचारलेलं नसतं. पंधरा हजारांच्या वर लोक नंतर अर्ज करतात की हा करार आमचा नाही, पण तिकडच्या संसदेत तो एका मताने पार पडतो. दोन वर्षांनी शिपाई येऊन माणसांना घरातून बाहेर काढतात आणि पश्चिमेला चालवत नेतात, आणि चालता चालता हजारो मरतात. त्या सह्या करणाऱ्यांबद्दल तू एकशे एकाहत्तराव्या पानावर लिहिलंयस की त्यांनी दिलेली कारणं कागदोपत्री आहेत, पण ती त्यांना स्वतःला पटली होती का हे आज कळायला मार्ग नाही. ते वाक्य मी पेन्सिलने अधोरेखित केलं. मग खोडरबराने पुसलं. त्याबद्दल पुढे लिहितो, आधी इथली गोष्ट सांगतो.

आम्ही सध्या समुद्राकाठच्या एका रस्त्याची आखणी करतोय. रस्त्यात जी घरं येतात त्यांना आत, बारा किलोमीटरवर, नवी जागा मिळते. लोकांची तशी तक्रार नाही. जुलैच्या शेवटी मी एका वस्तीत खुणा करत होतो. एकाला एक लागून चार घरं, मागे विहीर आणि लिंबांची बाग. मी भिंतीवर लाल रंगाचा ठिपका दिला, तेवढ्यात शेवटच्या घरातून एक म्हातारी बाहेर आली. जमिला तिचं नाव. बलुची घरातली, त्यामुळे हिंदी छान बोलते. सत्तरीची असेल. एकटीच राहते, पुढची तीन घरं तिच्या पुतण्यांची. तिने ठिपक्याकडे पाहिलं आणि विचारलं, "भाई, हे कशाचं?"

प्रणाली, असा प्रश्न मला या नोकरीत हजार वेळा आला असेल. त्याचं एक ठरलेलं उत्तर आहे. काही नाही, नुसती मोजणी आहे. तेच उत्तर तोंडात आलं आणि तिथेच थांबलं. आदल्या दिवशी पुतण्याच्या सहीचा कागद मी ऑफिसात पाहिला होता. चारही घरांच्या वतीने थोरल्या पुतण्याने होकार दिला होता. म्हातारीला यातलं काही माहीत नव्हतं हे तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं. मी म्हटलं, "अम्मा, हा रस्ता आहे. तुमच्या घरातून जाणार आहे. तुमच्या पुतण्याने सही दिली आहे." ती विहिरीच्या कठड्यावर बसली. मग आत गेली, इथली कावा कॉफी आणि खजूर घेऊन आली, आणि मी पहिला घोट घेतल्यावर शांतपणे म्हणाली, "माझ्या घराची सही त्याने कशी केली?"

मी मोजणीच्या कागदावर सही केली नाही. केयूरला सांगितलं की चौथं घर वेगळं आहे, बाई हयात आहे, झाडं तिची आहेत, तिचं नाव आल्याशिवाय मी सही देणार नाही. तो म्हणाला, "काका, आपलं काम लाईन द्यायचं. घरातलं त्यांचं ते बघतील." खरं होतं त्याचं. पण मी हट्ट सोडला नाही आणि मी कधी हट्ट करत नाही म्हणून तो बुचकळ्यात पडला. शेवटी स्वतः वस्तीवर आला. पुतण्या दोन दिवस चिडून होता, मग तोही येऊन बसला. आम्ही चौघांनी मिळून लिंबाची झाडं मोजली, एकतीस भरली. जमिलाचं घर वेगळं नोंदलं गेलं, आता नव्या जागी तिला तिचा स्वतःचा प्लॉट मिळेल, पुतण्याकडची खोली नव्हे. घर जाणारच आहे. लिंबंही जाणार, एवढी जुनी झाडं हलवता येत नाहीत. अंगठा देताना ती म्हणाली, "जायचं तर जाऊ. पण मला विचारून." केयूर परतताना गाडीत म्हणाला, "काका, ही बाई तुमच्या ओळखीची आहे का?" मी नाही म्हटलं.

आता तुला जे कधी सांगितलं नाही ते सांगतो.

आमच्या कोंडवाडीत सदतीस घरं होती. एकोणीसशे एकोणऐंशीचा जानेवारी. मी बावीस वर्षांचा, मॅट्रिक होऊन चार वर्षं झालेली, घरी बसून होतो. वडील आधीच गेलेले. सगळ्या वाडीत इंग्रजी वाचता येणारा मी एकटा. धरणाच्या कामाचा एक साहेब यायचा, त्याला मी आसपास हिंडून नदी दाखवली, जमिनी कुणाच्या ते सांगितलं. एक दिवस त्याने मला शाळेच्या ओट्यावर बसवून कागद दाखवला. ग्रामस्थांची संमती. त्याला तो शिमग्याच्या आधी पुरा करून हवा होता. वाडीतले कर्ते पुरुष सगळे मुंबईला कामावर, शिमग्याला येणार, मग बैठका होणार, वाद होणार. आता घरात होत्या बाया आणि म्हातारी माणसं. तो म्हणाला, "तू शिकलेला आहेस. धरण होणार ते होणारच. तू नाही केलंस तर दुसरा कुणी करेल." आणि मग उठता उठता म्हणाला की त्याच्याकडे चेनमनची, मोजणीत साखळी धरणाऱ्याची, एक जागा भरायची आहे.

मी शाईचा पॅड घेऊन तीन दिवस घराघरांत फिरलो. एकतीस अंगठे आणि सहा सह्या. प्रत्येक दारात सांगितलं, मोजणीची पावती आहे. कागद मराठीत होता, पण वाचणारं कोण होतं? सही करणाऱ्यांनाही फक्त नाव लिहिता यायचं. खालच्या अंगाला मुसलमानांची चार घरं होती. तिथल्या सकिनाचाचीने लहानपणी मला कडेवर घेऊन हिंडवलेलं. तिच्या नवऱ्याला जाऊन वर्ष झालं नव्हतं, नदीकाठच्या फणसाखाली त्याची कबर होती. ती म्हणाली, "काय लिवलंय रे यात?" मी म्हटलं, "मोजणीची पावती, चाची." तिने अंगठा दिला. शाई पदराला लागू नये म्हणून दाराच्या चौकटीला पुसला आणि म्हणाली, "तू हायस म्हणून दिला हो." मग खोबऱ्याची वडी हातावर ठेवली. ती मी वाटेत खाल्ली. ते मला आजही आठवतं, की मी ती खाल्ली आणि ती गोड लागली.

तीन आठवड्यांत नोकरीचा कागद आला. शिमग्याला मुंबईची माणसं आली, सगळं उघड झालं, ती अर्ज घेऊन धावली, तर साहेबाने सदतीस घरांची संमती पुढे ठेवली. वाडीने मला बोलावलं. मी म्हटलं, मलाही साहेबाने मोजणीच सांगितली होती, मीही फसलो. पोरगा आहे, फसला असेल, म्हणून त्यांनी विश्वास ठेवला. माझ्या आईने एकदाच विचारलं, चुलीपुढे बसून, माझ्याकडे न बघता. तिलाही तेच सांगितलं. नंतरच्या मोजणीत आमच्याच अंगणात साखळीचं एक टोक माझ्या हातात होतं. तीन वर्षांनी पाणी चढलं. आम्हाला सगळ्यांना दूर एका कातळाच्या माळावर वसवलं. तिथे विहिरीला पाणी लागायला चार वर्षं गेली. तुझी आजी तिथे दुसऱ्याच उन्हाळ्यात गेली. सकिनाचाचीच्या नवऱ्याची कबर पाण्याखाली आहे.

तर तुझ्या एकशे एकाहत्तराव्या पानाचं उत्तर असं आहे, प्रणाली. ती कारणं पटलेली असतात. खोटं बोलताना माणसाला आपण खोटं बोलतोय असं सारखं वाटत नसतं. मला खरंच वाटत होतं की धरण होणारच आहे, उगाच भांडून वाडीचे हाल होतील, लवकर हो म्हटलं तर जागा तरी बरी मिळेल. यातलं निम्मं खरंही ठरलं, धरण झालंच असतं. तुझी ती माणसंही असंच काही म्हणत होती, की गोरे लोक येणारच, मग जिवंत तरी राहू. मी पस्तीस वर्षं स्वतःला हेच सांगत आलो. जे कारणात बसत नाही ते एवढंच, की तो निर्णय चाचीचा होता, आणि मी तिच्याकडून तो पावती म्हणून काढून घेतला. एक फरक मात्र तू लिही. त्या सह्या करणाऱ्यांतल्या तिघांना तिकडे पश्चिमेला गेल्यावर त्यांच्याच लोकांनी एका दिवसात मारलं. मला कुणी काही केलं नाही. चेनमनचा सर्व्हेयर झालो, अठ्ठ्याऐंशीला ओमानला आलो, तुम्हा दोघींना आणलं, तू शिकलीस.

गेल्या शुक्रवारी मी हे आईला सांगितलं. ती मेथी निवडत होती. निवडतच राहिली. सगळी जुडी झाल्यावर म्हणाली, "पोरीला तुम्हीच सांगायचं. माझ्या तोंडून नको." दुपारी जेवायला वाढलं, नेहमीसारखं. रात्री फोनवर तुझ्याशी हवापाण्याचं बोलली, त्याचा राग धरू नकोस.

सकिनाचाची आहे अजून. नव्वदीला टेकली असेल. डोळ्यांनी दिसत नाही, पण कान चांगले आहेत असं तिचा नातू म्हणाला. मी तीन ऑक्टोबरचं तिकीट काढलंय. केयूरने रजा लगेच दिली, कारण विचारलं नाही. आधी चाचीकडे जाईन, मग वाडीतली जी माणसं उरलीत त्यांच्यासमोर बसेन. ते काय म्हणतील ते ऐकून घेईन. तू त्या वेळी तिथे असावंस असं मला वाटत नाही. नंतर मात्र जरूर जा. त्यांचं सांगणं टिपून घ्यायला तुझ्याइतकं योग्य दुसरं कुणी नाही.

आणि आता हे सगळं आजच का लिहिलं ते. तुझ्या गठ्ठ्यातली वरची पाच-सहा पानं मी नावागावाची, आभाराची म्हणून बाजूला ठेवली होती. सगळं वाचून झाल्यावर, गेल्या गुरुवारी, ती हातात घेतली. दुसऱ्याच पानाच्या मधोमध एकच ओळ होती. शब्दकोश लागला नाही. 'माझ्या बाबांना, ज्यांना न विचारता त्यांचं गाव त्यांच्याकडून घेतलं.' त्या पानासारखं प्रेम मला कुणी दिलं नाही आणि मी ते ठेवून घेऊ शकत नाही. तू सहावीत असल्यापासून आपलं गाव फसवून बुडवल्याची ती गोष्ट माझ्याकडून ऐकत आलीस, बक्षिसाचा निबंध तिच्यावर लिहिलास, आणि मला वाटतं हा विषयही तिच्यामुळेच घेतलास. गोष्ट खरी होती, फक्त मी तिच्यात स्वतःला चुकीच्या बाजूला उभं केलं होतं. पंधरा ऑक्टोबरला प्रबंध जमा करायचा आहे असं तू म्हणालीस, म्हणजे अजून महिना आहे. तेवढं एक पान बदल. कोंडवाडीच्या छत्तीस घरांना अर्पण कर. सदतिसावं घर माझं, ते धरू नकोस.

तुझाच,
बाबा